अनुभव धागा: इंदुरातलं आपलं फुटबॉल

इंदूर म्हटलं की गाडी क्रिकेटवाल्या सी. के. नायडूंवर जाते. होळकर संघाने रणजी ४ वेळा जिंकली, कबूल! पण पावसाळ्यात मैदान फुटबॉलवाल्यांचंच. तुमच्या मोहल्ल्याची टीम कोणाच्या जिवावर चालायची? गोल मारणारे सोडा, त्यांचं कौतुक भरपूर झालंय.

राजेंद्रनगर
आमचे सायकलवाले काका. स्वतः कधी बॉलला पाय लावला नाही. तेव्हाचा बॉल चामड्याचा, तोंडाशी वादी. ब्लॅडर पंक्चर झाला की काका तो काढून घमेल्यात बुडवायचे, बुडबुडा आला तिथे खूण, मग कानस, सोल्युशन, जुन्या ट्यूबचा गोल तुकडा. वादी परत ओवायला वाकवलेला स्पोक. शेवटची गाठ आत दाबायला एकदाच विसरले. त्या दिवशीच्या हेडरची खूण माझ्या कपाळावर अजून आहे. पैसे विचारले तर म्हणायचे, "जिंकून या, मग बघू." आम्ही बहुतेक हरूनच यायचो, त्यामुळे हिशेब राहूनच गेला.

रामबाग
२२ जून १९८६ ला मॅराडोनाने इंग्लंडवर हाताने गोल मारला. दुसऱ्या दिवशी चिमणबागच्या मैदानावर जो तो हातानेच गोल मारतोय! शिट्टी आमच्या पीटीच्या सरांकडे. पगार शाळेचा, संध्याकाळ आमची. तिसऱ्या गोलला त्यांनी शिट्टी खिशात टाकली. "त्याने दुसराही मारलाय, आपल्या अर्ध्यातून एकेकाला चकवत. तो मारून दाखवा." मी आपल्या अर्ध्यातून सुटलो. दोघांना चकवलं; तिसरी माळव्याची काळी माती निघाली. एक बूट तिथेच रुतला.

महू
फौजी टीमकडून ०-७. मॅचनंतर त्यांच्या हवालदाराने स्वतःचे जुने स्टडचे बूट दिले. ९ नंबर. माझा पाय ६. पुढे कापूस कोंबून दोन सीझन खेळलो.

विजयनगर
आमचं मैदान लग्नसराईत मांडववाल्यांचं. नंतर खिळे वेचायचे ते पोरांनी. माझी मुलगी गोलकीपर. गोलपोस्ट म्हणजे दोन आयांच्या अ‍ॅक्टिव्हा. परवा तिने डावीकडे झेप घेतली आणि माझ्या गाडीचा आरसा गेला. मी ओरडणार, तेवढ्यात ती बॉल छातीशी धरून उठली, "आई, वाचवला!"