पाणलोटाची कामे झाली, विहिरी भरल्या. आता उपशाला नियम कसा लावायचा?

प्रश्न : पूर्वसिन्नरकर

नमस्कार. आमचे गाव नाशिक जिल्ह्यातील सिन्नर तालुक्याच्या पूर्व भागात, पर्जन्यछायेत आहे. गावाचे क्षेत्र साधारण १,००० हेक्टर, लोकसंख्या २,००० च्या घरात आणि पाऊस सरासरी ५०० मिलिमीटर. दहा वर्षांपूर्वी आम्ही श्रमदानातून आणि शासकीय योजनांतून माथा ते पायथा अशी कामे केली. डोंगरउतारावर सलग समतल चर खोदले, ओढ्यावर सिमेंटचे बंधारे घातले, पाझर तलावातला गाळ काढून शेतांत पसरला. आमच्या विहिरीत उतरण्यासाठी आजोबांनी बांधून घेतलेल्या एकवीस दगडी पायऱ्या आहेत. कामांच्या आधी दिवाळीलाच बारावी पायरी उघडी पडत असे. कामे झाल्यावर आलेल्या पहिल्या चांगल्या पावसाळ्यानंतर दिवाळीला चौथी पायरीसुद्धा पाण्याखाली होती, आणि गुढीपाडव्यापर्यंत मोटर चालली.

ते सुख तीन वर्षे टिकले. पाणी दिसू लागले तसे उन्हाळ कांद्याचे क्षेत्र वाढले, काहींनी ऊस लावला, आणि पाचशे-सहाशे फुटांचे बोअर घेण्याची चढाओढ लागली. त्यानंतर प्लास्टिक अस्तराची शेततळी आली. त्यांत पावसाचे वाहून जाणारे पाणी साठवायचे असते, पण आमच्याकडे ती विहिरी-बोअरच्या पाण्याने हिवाळ्यातच भरून ठेवली जातात. गेल्या वर्षी मार्चमध्ये आमची एकविसावी पायरी कोरडी पडली आणि गावात पुन्हा टँकर आला. चर शाबूत आहेत, बंधारे शाबूत आहेत, झाडेही जगली आहेत. पाणी मात्र नाही.

माझे विचारणे असे आहे की, गावाला उपशावर आणि पिकांवर बंधन घालता येते का, कायद्याचा आधार कितपत मिळतो, आणि आपल्याकडे किंवा जगात इतरत्र कोणी हे खरोखर करून दाखवले आहे का?

उत्तर १ : जुना भूजलकर्मी

मी भूजल सर्वेक्षणाच्या कामात तीस वर्षे काढली असून आता निवृत्त आहे. तुमच्या गावासारखी गावे मी इतकी पाहिली आहेत की, प्रश्न वाचताना पुढचे वाक्य काय असेल हे मला कळत होते.

आधी खडकाचे बोलू. महाराष्ट्राचा सुमारे ८० टक्के भूभाग बेसाल्टने, म्हणजे आपल्या काळ्या पाषाणाने, व्यापलेला आहे. या खडकात पाणी साठते ते प्रामुख्याने वरच्या झिजलेल्या मुरमाच्या थरात आणि त्याखालच्या भेगांत. जुन्या विहिरी चाळीस-पन्नास फुटांवर थांबत, कारण पाणी त्याच थरात होते. सहाशे फुटांच्या बोअरला लागते ते बहुधा एखाद्या खोल भेगेत वर्षानुवर्षे मुरलेले पाणी. ते दोन-तीन हंगामांत संपते, आणि पुष्कळदा तोच बोअर वरच्या थरातले, म्हणजे शेजाऱ्याच्या विहिरीचे, पाणी खाली ओढून घेतो. खोल गेल्याने पाणी वाढत नाही, ते कोणाच्या वाट्याला जाते एवढेच बदलते.

आता हिशेब. १,००० हेक्टरवर ५०० मिलिमीटर पाऊस म्हणजे ५० लाख घनमीटर पाणी. बेसाल्टच्या प्रदेशात त्यातले दहा टक्क्यांच्या आसपास जमिनीत मुरते असे धरतात. म्हणजे तुमच्या गावाची भूजलाची वार्षिक कमाई ५ लाख घनमीटर. माणशी रोज ५५ लिटर धरून २,००० लोकांना वर्षाला सुमारे ४०,००० घनमीटर लागतात, जनावरांसाठी आणखी २०,००० धरा. उरले ४ लाख ४० हजार. उसाला हेक्टरी किमान २०,००० घनमीटर लागतात, म्हणजे केवळ २२ हेक्टर ऊस सबंध गावाचे उरलेले पाणी पिऊन टाकतो. त्याच पाण्यात हेक्टरी ६,००० घनमीटरच्या हिशेबाने ७३ हेक्टर उन्हाळ कांदा होईल, आणि प्रत्येकी ७५ मिलिमीटर पाण्याच्या दोन पाळ्या दिल्या तर जवळजवळ २९० हेक्टर रब्बी ज्वारी येईल. चर आणि बंधाऱ्यांनी मुरण्याचे प्रमाण दहाचे पंधरा टक्के झाले तरी कमाई अडीच लाख घनमीटरने वाढते. तेरा हेक्टर ऊस वाढला की ती वाढ संपली. तुमची कामे निष्फळ ठरलेली नाहीत. त्यांनी दिलेले पाणी कोणी किती घ्यायचे हे ठरलेच नाही, म्हणून ज्याची मोटर मोठी त्याचे ते झाले.

कायद्याबद्दल स्पष्ट सांगतो. १८८२ च्या सुविधाधिकार कायद्यापासून जमीनमालकाला आपल्या जमिनीखालचे पाणी उपसण्याची मोकळीक आहे, आणि आपल्या मनात ती इतकी रुजली आहे की, शेजाऱ्याची विहीर आटवणे हा कोणाला अपराध वाटत नाही. तिला मर्यादा घालण्याचा पहिला प्रयत्न १९९३ चा. त्या कायद्याने पिण्याच्या पाण्याच्या सार्वजनिक स्रोतापासून ५०० मीटरच्या आत नवी विहीर घेण्यावर निर्बंध आणले. पुढे २००९ चा महाराष्ट्र भूजल अधिनियम झाला. त्यात शेती व उद्योगासाठी ६० मीटरपेक्षा, म्हणजे साधारण २०० फुटांपेक्षा, खोल विहिरींना मनाई करण्याची तरतूद आहे. अधिसूचित क्षेत्रात पाणलोटनिहाय समिती, भूजल वापराची योजना आणि तिला अनुसरून पीक योजना करण्याचीही तरतूद आहे. म्हणजे आधार आहे. पण रात्री अकरा वाजता बोअरची गाडी गावात शिरते तेव्हा तिच्यासमोर उभे राहायला सरकारी माणूस येत नाही, गावानेच उभे राहावे लागते.

हिवरे बाजारने हे केले. तिथेही पाऊस ४०० मिलिमीटरच्या आसपास. पोपटराव पवारांच्या नेतृत्वाखाली १९९० च्या दशकात पाणलोटाची कामे झाली, ती आपण सगळे सांगतो. त्याच गावाने सिंचनासाठी बोअर घेण्यावर बंदी घातली, ऊस-केळीसारखी पिके नाकारली, आणि पावसाळा संपल्यावर पाण्याचा ताळेबंद ग्रामसभेत मांडून रब्बीचे क्षेत्र ठरवण्याची शिस्त लावली. हा भाग सांगताना आपण घाई करतो. पाहायला जाणाऱ्यांच्या बसगाड्या बंधाऱ्यांपाशी थांबतात. ताळेबंदाचा फलक कोणी वहीत उतरवून घेताना मला क्वचितच दिसले.

उत्तर २ : पुरंदरची सून

वरील हिशेब पटला, पण एक गोष्ट राहिली. पीकबंदीचा ठराव झाला की त्याचा भार सर्वांवर सारखा पडत नाही. ज्याने कर्ज काढून शेततळे केले त्याला हप्ता भरायचा असतो, आणि ज्याच्याकडे विहीरच नाही त्याला या सबंध हिशेबात कुठे जागाच नसते.

१९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी आमच्या पुरंदर तालुक्यात नायगाव येथे काम सुरू केले आणि त्यातून पाणी पंचायत उभी राहिली. तिचा मूळ नियम असा होता की, पाण्याचा हक्क जमिनीवर नव्हे, माणसांवर मोजायचा. माणशी अर्धा एकर भिजेल एवढे पाणी, आणि कुटुंबाला जास्तीत जास्त अडीच एकरांचे. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर जात नसे, आणि भूमिहीनालाही वाटा होता. योजनेच्या खर्चाचा २० टक्के भाग सभासदांनी स्वतः भरायचा, आणि ऊस लावायचा नाही.

माझे सासरे अशाच एका उपसा योजनेचे सभासद होते. त्यांची बारा एकर जमीन होती आणि पाणी अडीच एकरांचे. उरलेले साडेनऊ एकर कोरडे राहिले म्हणून ते सुरुवातीला चिडत, असे सासूबाई सांगतात. पण पाटकरी, म्हणजे पाळीप्रमाणे पाणी सोडणारा माणूस, सभासदांनीच नेमलेला होता, आणि त्याने पाळी चुकवून कोणालाही पाणी दिले नाही. सासऱ्यांच्या सख्ख्या भावाने रात्री पाण्याचे दार उघडले तेव्हा बैठकीत सगळ्यांसमोर त्याची एक पाळी कापली गेली. त्या दिवसानंतर सासऱ्यांची तक्रार थांबली. आपल्याला कमी मिळते याचे दुःख माणूस सोसतो. दुसऱ्याला चोरून जास्त मिळते हे मात्र त्याला सोसवत नाही. म्हणून तुमच्या ग्रामसभेत केवळ बंदीचा ठराव आणू नका. पाण्यात कोणाचा किती वाटा हे आधी मांडा, विहीर नसलेल्यांना आणि घरातल्या बायकांना त्या बैठकीत बसवा, आणि मग बंदीकडे या. टँकरमागे हंडा घेऊन धावणारी बाई उसाच्या बाजूने हात वर करणार नाही.

उत्तर ३ : सातासमुद्रापार

जगातल्या अनुभवाबद्दल विचारले आहे म्हणून लिहितो. मी पंधरा वर्षांपासून लॉस एंजेलिस परिसरात राहतो. येथील किनाऱ्यालगतच्या वेस्ट बेसिन या भूजल खोऱ्याची गोष्ट तुमच्या गावाशी विलक्षण जुळते. शहरे, कंपन्या आणि शेतकरी यांनी बेसुमार उपसा केला, भूजलाची पातळी समुद्रसपाटीच्या खाली गेली, आणि समुद्राचे खारे पाणी आत शिरू लागले. १९४५ मध्ये प्रकरण न्यायालयात गेले. प्रत्येकाला कळत होते की उपसा कमी केला पाहिजे, पण इतर करणार नसतील तर मी एकट्याने का करावा, असा पेच होता.

मार्ग निघाला तो असा की, १९५५ च्या तात्पुरत्या करारात एकूण हक्कांपैकी ८० टक्के हक्क असलेल्यांच्या सह्या झाल्यावरच तो लागू होईल, अशी अट घातली गेली. सही करणाऱ्याला आपण एकटे फसलो असे वाटण्याचे कारण उरले नाही. त्यावर देखरेखीसाठी जलनियंत्रक नेमला गेला, आणि कोणी वर्षभरात किती पाणी उपसले हे तो दरवर्षी नावानिशी प्रसिद्ध करू लागला. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी १९६५ मध्ये आपला डॉक्टरेटचा प्रबंध याच खोऱ्यावर लिहिला. सामाईक संसाधने लोक स्वतः नियम करून सांभाळू शकतात, या त्यांच्या पुढील कामासाठी त्यांना २००९ मध्ये अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले. हा सन्मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला.

मात्र एक फरक प्रामाणिकपणे नोंदवतो. येथील लोकांना कोलोरॅडो नदीचे पाणी विकत घेण्याची सोय होती, त्यामुळे उपसा कमी करणे त्यांना परवडले. तुमच्या गावाला बाहेरून येणारे पाणी म्हणजे टँकर. ८० टक्क्यांची अट आणि नावानिशी हिशेब या दोन गोष्टी मात्र कोठेही नेता येतील.

उत्तर ४ : वनवाटा

पाण्याऐवजी झाडांचे एक उदाहरण. मी काही काळ पश्चिम आफ्रिकेतील नायजर देशात काम केले आहे. तेथे वसाहतकाळापासूनच्या कायद्यांनी झाडे सरकारच्या मालकीची मानली होती, म्हणून शेतकरी शेतात उगवलेला कोंब वाढूच देत नसत. १९८० च्या दशकापासून तो धाक सैल होत गेला आणि झाड आपले आहे असे लोक मानू लागले. मग मारादी आणि झिंडर भागातील शेतकऱ्यांनी रोपे न लावता, जमिनीतल्या जिवंत खुंटांना फुटणारे कोंब निवडून, छाटून राखले. त्यातून सुमारे ५० लाख हेक्टर शेतजमिनीवर पुन्हा झाडे उभी राहिली, असा अंदाज आहे. त्यांतले गाओ नावाचे झाड पावसाळ्यात पाने गाळते, त्यामुळे त्याखाली बाजरी सावलीत सापडत नाही. तिथेही शेजारच्या गुरांपासून आणि लाकूडचोरांपासून कोंब कोणी राखायचे हे गावांनी बसून ठरवले, तेव्हाच झाडे वाढली.

पूर्वसिन्नरकर

सर्वांचा अत्यंत आभारी आहे. २२ हेक्टरांचा आकडा मी काल रात्री वडिलांना वाचून दाखवला. ते बराच वेळ काही बोलले नाहीत, आणि मग म्हणाले, “आपलाच दीड एकर ऊस आहे की त्यात.” या हंगामानंतर खोडवा, म्हणजे तोडलेल्या उसाच्या खुंटांतून येणारे पुढचे पीक, राखायचा नाही, असे आम्ही घरात ठरवले आहे. आता एकच शंका उरते. ताळेबंद मांडायचा तर मोजणार कोण? मोजणारा ज्या गटाचा, त्या गटाचा हिशेब, असे आमच्याकडे लगेच म्हटले जाईल.

जुना भूजलकर्मी

मोजमाप इतके सोपे ठेवा की कोणालाही पडताळता यावे. शिवारातल्या सात-आठ विहिरी निवडा. काही वरच्या अंगाच्या, काही ओढ्याकाठच्या, आणि दोन्ही गटांच्या. प्रत्येकीच्या काठावर रंगाने एक खूण करा आणि दर महिन्याच्या ठरलेल्या तारखेला, सकाळी मोटर सुरू होण्यापूर्वी, त्या खुणेपासून पाण्यापर्यंतचे अंतर टेपने मोजा. शाळेच्या आवारात पर्जन्यमापक बसवा आणि मोजणीला आठवी-नववीची मुले न्या, त्यांच्या हातून आकडा बदलत नाही. आकडे ग्रामपंचायतीच्या कपाटात न ठेवता चावडीच्या भिंतीवर, विहीरमालकाच्या नावासह, मोठ्या अक्षरांत लिहा. पावसाळा संपला की ऑक्टोबरच्या मोजणीवरून रब्बीचा हिशेब त्याच भिंतीसमोर ग्रामसभेत मांडा. पहिल्या वर्षी बंदीचा आग्रह धरू नका, फक्त लिहा. आणि पहिली विहीर तुमची घ्या. तिच्या एकवीस पायऱ्या आहेतच, टेप नसली तरी चालेल.