काळी बाई नक्की कुठल्या रकान्यात?

उंबरठा७: परवा एकांशी वाद झाला, म्हणाले वंशभेद वेगळा, बाई-पुरुष भेद वेगळा, दोन्हींवर कायदे आहेत, आता हे तिसरं काय काढलंत. त्यांना सांगितलेली केस इथंही टाकते. अमेरिकेत सेंट लुइसच्या जनरल मोटर्सच्या कारखान्यात १९६४ च्या आधी काळ्या बायकांना घेतच नव्हते. पुढे घेतलं, पण सत्तरच्या दशकात मंदी आली आणि जो शेवटी लागला तो आधी घरी, असा नियम लावला. आता शेवटी कोण लागलं असणार? पाच जणी कोर्टात गेल्या. १९७६ ला कोर्ट म्हणालं, बायकांवर अन्याय? छे, कंपनीत बायका आधीपासून आहेत (गोऱ्या, ऑफिसात बसणाऱ्या). काळ्यांवर अन्याय? त्याची दुसरी केस चालू आहे, तिकडे जा. दोन्ही मिळून दावा चालणार नाही. म्हणजे या खिडकीवरून त्या खिडकीवर आणि तिथून घरी. अशाच केसेसवरून किंबर्ली क्रेनशॉ या कायद्याच्या प्राध्यापिकेनं १९८९ मध्ये 'इंटरसेक्शनॅलिटी' हा शब्द मांडला, म्हणजे दोन भेद एकमेकांना छेदतात तिथे होणारा वेगळाच अन्याय. शब्द जड आहे, मान्य.

सरळरेघ: केस वाईटच, पण किती जुनी उकरून काढलीत ताई. १९८० मध्येच दुसऱ्या एका अपील कोर्टानं काळ्या बायकांचा असा वेगळा दावा चालतो म्हणून सांगितलंय. आणि रकाने पाडत बसलं की काळी, मग काळी गरीब, मग काळी गरीब अपंग, शेवटी माणसागणिक एक रकाना, मग एकत्र येऊन लढणार कोण? मला विचाराल तर खरा भेद पैशाचा. खिशात पैसा आला की बाकीचे निम्मे गळून पडतात.

खारीचावाटा: पैसाच ना? मग टेनिसवाली सेरेना विल्यम्स घ्या, काळी आणि पैसेवाली. २०१७ ला सिझेरियन झालं, दुसऱ्या दिवशी धाप लागली. फुप्फुसात गुठळ्या आधी होऊन गेलेल्या, त्यामुळे हिला लगेच कळलं, स्वतः नर्सला सांगतेय सीटी स्कॅन करा, रक्त पातळ करायचं औषध लावा. नर्सला वाटलं पेनकिलरच्या गुंगीत बोलतेय. डॉक्टरांनी आधी पायांची सोनोग्राफी केली, तिथे काही नाही, मग कुठे सीटी. गुठळ्या फुप्फुसातच.

सरळरेघ: स्कॅन झाला ना पण शेवटी! नर्स माझंही ऐकत नाहीत, मी काय सिद्धांत मांडू?

उंबरठा७: किस्सा नको तर सीडीसीचे, म्हणजे अमेरिकेच्या सरकारी आरोग्य संस्थेचे आकडे घ्या, २०२१ चे. दर लाख जन्मांमागे बाळंतपणाशी संबंधित मृत्यू काळ्या बायकांत ६९.९, गोऱ्यांत २६.६.

चौकटमोड: २०२१ कोविडचं वर्ष हो, तेच बरं सापडलं.

उंबरठा७: बरं, २०२३ घ्या. ५०.३ आणि १४.५. दोन्ही उतरले, पण तेव्हा अडीच पटीच्या जरा वर असलेला फरक आता साडेतीन पटीला टेकलाय. कोविडनं उलट झाकलाच होता म्हणायचा.

सरळरेघ: त्याच तक्त्यात हिस्पॅनिक (लॅटिन अमेरिकी मुळाच्या) बायका १२.४ वर आहेत, गोऱ्यांपेक्षा खाली. त्या पण बायका, त्या पण गोऱ्या धरत नाहीत. दोन भेद मिळून त्रास वाढतो ही तुमची बेरीज कुठे गेली?

खारीचावाटा: हा मुद्दा खरंच चांगला काढलात. पण बेरीज म्हणणारेच चुकतात, आमच्या बाजूचे पण बरेच. गोऱ्या बाईचा त्रास अधिक काळ्या पुरुषाचा त्रास बरोबर काळी बाई, असं नाहीच ते, प्रत्येकीची गाठ वेगळी बसते. गुलामगिरीच्या काळात एकीला नाजूक म्हणून घरात ठेवली आणि दुसरीला शेतात पुरुषांच्या बरोबरीनं राबवली. आणि एकत्र कोण लढणार म्हणता, तर १९१३ ला वॉशिंग्टनमध्ये बायकांच्या मतदानहक्काचा मोर्चा निघाला तेव्हा आयडा बी. वेल्स या काळ्या पत्रकार बाईला सांगितलं तू मागे चाल, दक्षिणेतल्या गोऱ्या बायकांना चालणार नाही. ती गुपचूप बघ्यांच्या गर्दीत थांबली, आणि इलिनॉयचा जथा समोर आला तशी आत शिरून त्यांच्याबरोबर चालू लागली. फूट कुणी पाडली सांगा मग.

सरळरेघ: मोर्च्याचं पटलं. बाकी रकाना वाढवल्यानं नर्स ऐकायला लागणार आहे का?

उंबरठा७: नाही लागणार. पण तक्ता काढणाऱ्यानं बाई आणि वंश एकत्र धरले म्हणून ५०.३ दिसले तरी, नाहीतर सगळ्या बायकांचा मिळून १८.६ छापून मोकळे झाले असते.