पुतणीला सिनेमाच्या आर्ट डायरेक्शनमध्ये जायचंय, काय करावं?

नाना_सांगलीकर: मंडळी, पुतणी बीएफए पेंटिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि आता म्हणतेय सिनेमाचे सेट करायचेत. घरात कुणालाच यातलं ओ की ठो कळत नाही, दादा म्हणतोय ड्रॉइंग टीचर हो आणि गप शाळेत चिकट. कोर्स कुठं असतो, पैसे मिळतात का, आणि आर्ट डायरेक्टर नि प्रॉडक्शन डिझायनर एकच की वेगळे?

प्लाय_आणि_खिळे: आर्टमध्येच आहे म्हणून लिहितो. प्रॉडक्शन डिझायनर डायरेक्टर-कॅमेरामनबरोबर बसून अख्ख्या सिनेमाचा लूक ठरवतो, रंग कुठले, घर कसं, लोकेशन की सेट, आणि आर्ट डायरेक्टर ते बजेटात बसवून सुतार, पेंटर, मोल्डर यांच्याकडून करून घेतो. छोट्या मराठी पिक्चरला एकच माणूस दोन्ही करतो आणि वेळ आली तर झाडूही मारतो 😄

पुतणीला सांगा, चित्र छान काढता येणं ही फक्त सुरुवात. खरी मजा अशी की परवा ठोकलेली प्लायची भिंत चाळीस वर्षांची दिसली पाहिजे, मग स्विचबोर्डभोवती हाताचे डाग, खुर्चीमागं डोक्याच्या तेलाचा पट्टा, देव्हाऱ्यावर धुराची काजळी, हे सगळं पातळ रंग आणि फडक्यानं करायचं, ते पण पहाटे, कारण सातला युनिट येतं.

मुलुंडचा_बाब्या: आर्ट डायरेक्टर नितीन देसाईंचं करियर बघा की. दापोलीचा माणूस, मुंबईच्या जेजे आर्ट स्कूलला शिकलेला, १९८७ ला 'तमस' या टीव्ही मालिकेच्या सेटवर नितीश रॉय यांच्या हाताखाली सुरुवात, आणि नाव झालं ते १९९४ च्या '१९४२ अ लव्ह स्टोरी'नं, म्हणजे मधली वर्षं घासलीच ना. पुढं आंबेडकर, हम दिल दे चुके, लगान, देवदास अशी चार नॅशनल अवॉर्ड. लगानचं अख्खं गाव भुजजवळ उभं केलं होतं! २००५ ला कर्जतला स्वतःचा स्टुडिओ काढला, तो कर्जात गेला आणि २०२३ ला त्यांनी जीव दिला, ते आठवलं की अजून कसंतरी होतं. पण माझ्या मते ते संकट स्टुडिओच्या धंद्याचं होतं, कलेचं नाही, घरच्यांनी दोन्हीची गल्लत करू नये.

फ्रीलान्सर_ताई: पैशाचं कुणी बोललंच नाही. सुरुवातीला असिस्टंटला फार कमी मिळतं, आणि सिरियलवाले नव्वद दिवसांनी पेमेंट करतात ते वेगळंच. माझं एका प्रॉडक्शनकडं अजून अडकलंय. काम चालू करायच्या आधी लेखी घ्यायचं, निदान व्हॉट्सॅपवर तरी. मुंबईत राहायची सोय आधी बघा, पोरगी जिद्दी असेल तर जमतं.

प्लाय_आणि_खिळे: +१. आणि कोर्स म्हणाल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आर्ट डायरेक्शन आणि प्रॉडक्शन डिझाईनचा तीन वर्षांचा आहे, पेंटिंगवाल्यांना चालतो, एंट्रन्स असते.

नाना_सांगलीकर: लई धन्यवाद. दादाला दाखवतो हे, नव्वद दिवसांचं वगळून 😅 तिनं आत्तापासून काय करावं?

प्लाय_आणि_खिळे: स्केचअप (थ्रीडी ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर) शिकू दे, स्केलमध्ये ग्राउंड प्लॅन, म्हणजे सेटचा वरून दिसणारा मापातला नकाशा, काढता आला पाहिजे. आणि नाटकाच्या एखाद्या ग्रुपचं नेपथ्य करू दे, सांगलीत नाटकाला काय तोटा. पोर्टफोलिओत नुसती निसर्गचित्रं नकोत, एक खोली घेऊन तीच तीन वेगवेगळ्या माणसांची करून दाखव म्हणावं.