फायनल फँटसी टेन : शेवटच्या लढाईआधी ऐच्छिक आव्हाने किती पूर्ण करावीत?

हळदपेठ_सांगली यांचा प्रश्न

नमस्कार मंडळी. दिवाळीत घेतलेला ‘फायनल फँटसी टेन’ हा खेळ (एचडी रीमास्टर, प्लेस्टेशन ४) मी अशा ठिकाणी आणून ठेवला आहे की तिथून पुढे पाय निघत नाही. झनार्कंडमधील युनालेस्काची लढाई जिंकून झाली आहे, हवाई जहाज हवे तिकडे नेता येते आहे आणि आता सिन या महाकाय राक्षसाच्या पोटात शिरून कथेचा शेवट गाठणे एवढेच बाकी आहे. नकाशावर मात्र रोज काही ना काही नवे सापडते. काम लँड्समधील राक्षसांची रिंगणशाळा, प्रत्येक पात्राचे दिव्य अस्त्र आणि त्याची दोन-दोन चिन्हे, अक्षांश-रेखांशासारखे आकडे घालून शोधायची जुनी मंदिरे, असे बरेच काही.

मी मार्केट यार्डातील एका अडत दुकानात हिशेब पाहतो. हळदीचे सौदे सुरू झाले की घरी यायला रात्रीचे नऊ वाजतात आणि जेवण आटोपल्यावर खेळासाठी जेमतेम दीड तास मिळतो. तरीही दुकानातल्यासारखीच एक लांब वही मी या खेळासाठी घातली आहे. डावीकडे राक्षसाचे नाव आणि उजवीकडे पकडलेल्या संख्येच्या रेघा, प्रत्येकी दहापर्यंत. बिसाइड आणि किलिकाची पाने भरली आहेत, थंडर प्लेन्सचे निम्मे झाले आहे आणि पुढची सगळी पाने कोरी आहेत. कोरी पाने पाहिली की शेवटाकडे जायचे मन होत नाही, आणि शेवट लांबवत राहिलो तर कथेचा धागाच हातून सुटेल अशी भीती वाटते.

दुसरी अडचण नेमकी आहे. बिसाइडच्या मंदिरातील परीक्षागृहात विध्वंसगोलकाने उघडणारा ठेवा माझ्याकडून सुरुवातीला राहून गेला होता. काल तो आणायला गेलो, तर गावाच्या वेशीवर काळा व्हॅलिफोर हा बलाढ्य शत्रू उभा. माझा संपूर्ण चमू एका फटक्यात आडवा झाला. कोल्हापूरच्या माझ्या मामेभावाने हा खेळ प्लेस्टेशन २ वर संपवला आहे आणि तो ठामपणे सांगतो की बिसाइडला कोणीही वाट अडवत नाही. मग माझ्याकडून कुठे चूक झाली का?

कृपया कथेचा शेवट उत्तरात उघड करू नये.

अजिंक्यतारा_पायथा यांचे उत्तर

आधी शंकेचे निरसन करतो. तुमची चूक नाही आणि तुमच्या मामेभावाचेही खरे आहे. हा खेळ २००१ मध्ये जपानमध्ये प्रसिद्ध झाला तेव्हा त्यात व्हॅलिफोरसारखे काळे एऑन (चमूतील युना मदतीला बोलावते त्या शक्तिशाली जीवांची, म्हणजे एऑनांची, शत्रू बनलेली रूपे) नव्हते, आणि अमेरिकेत विकल्या गेलेल्या तबकडीतही ते नव्हते. पुढच्या वर्षी जपानमध्ये आलेल्या ‘इंटरनॅशनल’ आवृत्तीत ते प्रथम घातले गेले आणि एचडी रीमास्टर त्या आवृत्तीवर बेतलेला आहे. मामेभावाकडे बहुधा अमेरिकी तबकडी असावी. त्याच्या खेळात बिसाइडची वाट खरोखरच मोकळी होती, आणि जुन्या तबकडीवरून लिहिलेली मार्गदर्शने वाचून खेळणाऱ्यांची नेमकी इथेच फसगत होते. मकालानिया मंदिराच्या दारात काळी शिवा अशीच उभी असते. झनार्कंडमध्ये युनालेस्काला हरवल्यावर त्याच दालनात परत जाऊन कथानायक टीडसच्या अस्त्राचे सूर्यमुकुट हे चिन्ह पेटीतून घेतले नसेल, तर तिथे आता काळा बहामुत पहारा देतो. ही पेटी तुम्ही उघडली होती का, ते आधी वहीत पाहावे.

आता मुख्य प्रश्न. मी साताऱ्यात शाळेत शिकवतो आणि हा खेळ दोनदा संपवला आहे. एकदा सगळी आव्हाने पूर्ण करून आणि एकदा जवळजवळ काहीच न करता. या अनुभवावरून माझे मत स्पष्ट आहे : वेगळ्या स्लॉटमध्ये सेव्ह करून ठेवा आणि शेवट आत्ताच पाहून या. या खेळात शेवटानंतर वेगळा भाग उघडत नाही. श्रेयनामावली संपली की तुम्ही तुमच्या जुन्या सेव्हकडे परत येता आणि जहाज, वही, रिंगणशाळा सगळे जागच्या जागी असते. म्हणजे शेवट पाहिल्याने काहीही हातचे जात नाही. उलट क्रमाने गेल्यास मात्र जाते, आणि काय जाते ते सांगतो.

शेवटच्या मुख्य प्रतिस्पर्ध्याचे नाव मी लिहीत नाही. त्याच्या पहिल्या रूपाचा एचपी (जीवनशक्तीचे गुण) ६०,००० आहे आणि दुसऱ्याचा १,२०,०००. टीडसची ताकद भरपूर वाढवून त्याचे कॅलाडबोल्ग हे दिव्य अस्त्र पूर्ण जागृत केले, की एका घावाची मर्यादा ९,९९९ वरून ९९,९९९ वर जाते. पहिले रूप एका घावात संपते आणि दुसरे दोन घावांत. या लढाईत टीडसला हल्ला करण्याऐवजी समोरच्याशी बोलण्याचाही पर्याय मिळतो. बोलल्याने त्याचा भरत आलेला ओव्हरड्राइव्ह (पट्टी भरल्यावर होणारा विशेष हल्ला) मागे सरतो, म्हणून अडचणीत सापडलेला खेळाडूच त्या पर्यायाकडे वळतो. पहिल्या वेळी माझ्या टीडसने सगळे काही मिळवलेले होते आणि ते संवाद माझ्या कानांवर पडलेच नाहीत. असा काही पर्याय आहे, हे मला दोन वर्षांनी दुसऱ्यांदा खेळताना कळले. तेव्हा ओव्हरड्राइव्हची पट्टी भरत आली होती, युनाकडे जेमतेम एका उपचारापुरती शक्ती उरली होती आणि मी नाइलाजाने ‘बोला’ निवडले. संपूर्ण प्रवासभर टीडसच्या मनात साचलेले त्या क्षणी ओठांवर येते. चाळीस-पन्नास तास ज्या भेटीची वाट पाहिली, ती भेट दोन घावांत उरकली जाऊ नये, असे मला मनापासून वाटते.

एकच अपवाद करावा, आणि तो बाजच्या मंदिराचा. टीडस स्पिरामध्ये, म्हणजे खेळातील जगात, पहिल्यांदा शुद्धीवर येतो ते भग्न पाण्यातले ठिकाण आठवत असेल. तिथे जिओस्गेनो हा महाकाय जलचर त्याच्या मागे लागतो आणि आपल्याला पळ काढावा लागतो. जहाज मिळाल्यावर तिथे परतता येते आणि त्याच जलचराशी दोन हात करता येतात. पाण्याखाली केवळ टीडस, वाका आणि रिक्कू लढू शकतात, त्यामुळे लुलूची जादू किंवा युनाचे एऑन तिथे कामाला येत नाहीत. आत गेल्यावर, कथेतील प्रतिस्पर्धी सेमूरने लूकाच्या स्टेडियममध्ये बोलावलेली एऑन अॅनिमा ही मुळात कोण, ते कळते. हा भाग ऐच्छिक ठेवला असला तरी माझ्या लेखी तो कथेचाच भाग आहे, कारण तो पाहिल्यावर सेमूरकडे बघण्याची दृष्टी बदलते. बाजच्या आतले दार उघडण्यासाठी सर्व मंदिरांतील विध्वंसगोलकाचे ठेवे घेतलेले असावे लागतात, म्हणून तुमच्या वाटेतला तो काळा व्हॅलिफोर आधी दूर करावा लागेल. त्यावर इथले इतर सभासद माझ्यापेक्षा चांगले सांगू शकतील.

मिरज_जंक्शन यांचे उत्तर

व्हॅलिफोरचा उपाय सांगतो. त्याचा एचपी ८,००,००० आहे. तुमच्या सध्याच्या चमूला तो लढून हरवता येणार नाही आणि त्यासाठी महिनाभर ताकद वाढवत बसण्याचीही गरज नाही. काम लँड्सच्या टोकाला, दरीच्या तळाशी असलेल्या गुहेत जाऊन योजिंबो या एऑनला चाकरीवर ठेवा. तो का हवा आहे असे विचारतो, तेव्हा सर्वांत बलाढ्य शत्रूंना हरवण्यासाठी, हे उत्तर निवडा. या उत्तराने त्याचा झानमातो हा वार मिळण्याची शक्यता वाढते. त्यानंतर तो २,५०,००० गिल (खेळातील चलन) मागतो. लगेच होकार देऊ नका. बाजारात करतो तशी घासाघीस करा, तो खाली उतरतो. या कामात तुमचा हात कोणी धरणार नाही, असे वाटते.

झानमातो लागला की समोर काळा एऑन असला तरी एका वारात संपतो. तो लागेलच याची खात्री नसते. तुम्ही त्या वेळी किती पैसे दिले, त्याची तुमच्याशी जवळीक किती वाढली आहे आणि थोडा नशिबाचा भाग, यांवर ते ठरते. म्हणून आधी साध्या लढायांत त्याला वारंवार बोलावून पैसे देत जा, जवळीक वाढू द्या. नंतर हाताशी भरपूर गिल ठेवून, सेव्ह करून बिसाइडला उतरा. नाही लागला तर सेव्हवरून पुन्हा सुरू करा. मकालानियाच्या शिवेलाही हाच उपाय चालतो.

यात कमीपणा काही नाही. योजिंबो हा खेळानेच दिलेला मार्ग आहे आणि त्याला घडवायलाही वेळ व पैसा लागतोच.

तासगाव_द्राक्षमळा यांचे उत्तर

वरील दोन्ही उत्तरांतील माहिती अचूक आहे. साताऱ्याच्या सरांचे ‘शेवट आधी पाहा’ हे मतही मला मान्य आहे. परंतु पूर्ण आव्हानांकडे नंतर परत या, एवढे मी आग्रहाने सांगेन, कारण त्यांचा आनंद निराळा आहे आणि तो कथेच्या मापाने मोजला तर हाती लागत नाही. आमच्याकडे पोरगा तालमीत जायला लागला की वस्ताद त्याला लगेच मातीत उतरवत नाहीत. महिनोन्‌महिने जोर-बैठका चालतात आणि त्या काळात अंगात काय मुरते ते पहिल्या कुस्तीच्या दिवशी कळते. स्फिअर ग्रिड या पात्रांची ताकद वाढवण्याच्या पटावरचे एकेक घर भरत ताकद २५५ पर्यंत नेताना मला तालमीची आठवण व्हायची. सर्व काळे एऑन हरवल्यावर जहाजातून ज्याच्याशी गाठ पडते त्या पेनन्सचा एचपी १,२०,००,००० आहे आणि शिवाय त्याचे दोन हात प्रत्येकी ५,००,००० चे. एका घावाला जास्तीत जास्त ९९,९९९ धरले तरी नुसत्या धडासाठी किमान १२१ घाव लागतात, आणि पाडलेले हात तो पुन्हा उभे करतो. तिथे झानमातो न वापरता उतरलो तेव्हाच मला या खेळातील वळणांचा क्रम, बचाव आणि वेग यांचा हिशेब खऱ्या अर्थाने उमगला.

आता एका आव्हानाबद्दल सावध करतो. लुलूच्या अस्त्राचे एक चिन्ह मिळवण्यासाठी थंडर प्लेन्समध्ये सलग २०० विजा चुकवाव्या लागतात. पडदा क्षणभर पांढरा होतो, त्याच क्षणी बटण दाबायचे. एक हुकली की मोजणी पुन्हा एकपासून, आणि किती झाल्या हे पडद्यावर दिसत नाही. गेल्या मे महिन्यात एका संध्याकाळी मी बेदाण्याच्या रिकाम्या खोक्यावर खडूने पाच-पाचच्या रेघा ओढत १६३ पर्यंत आलो होतो. बाहेर वळीव सुरू झाला, खिडकीत लख्ख उजेड पडला आणि तो पडद्यावरचा समजून मी बटण दाबले. पुढच्या क्षणी पडद्यावरची वीज टीडसवर कोसळली. पाठोपाठ घरातलीही वीज गेली. काळोखात कंट्रोलर हातात धरून मी बराच वेळ बसून होतो, आणि फार वाईट वाटले.

नंतर योग्य पद्धत कळली. मैदानाच्या दक्षिण भागात जमिनीला एक लहानसा खळगा आहे. त्यात शिरताना व बाहेर पडताना वीज जवळजवळ ठरल्याप्रमाणे पडते, त्यामुळे लय सापडते. वाटेत राक्षस येऊ न देणारे कवच आधी घालावे, नाहीतर प्रत्येक लढाईनंतर लय मोडते. या रीतीने मला पाऊण तास लागला.

चोकोबोच्या शर्यतीचे मात्र मी कौतुक करू शकत नाही. फुगे वेचून प्रत्येकी तीन सेकंद कमी करायचे, पक्षी धडकला तर तीन सेकंद वाढतात आणि शेवटी एकूण वेळ शून्यावर आणायची. त्यात कौशल्यापेक्षा फुगे व पक्षी कुठे येतात यावरच जास्त अवलंबून राहावे लागते. रोज चार-पाच प्रयत्न करून थांबावे. चिडून खेळल्याने हात जास्तच चुकतो.

हळदपेठ_सांगली यांचा प्रतिसाद

सर्वांचे मनःपूर्वक आभार. सूर्यमुकुटाची पेटी मी उघडली होती, वहीत नोंद सापडली. तो भार उतरला.

योजिंबोशी घासाघीस करून चाकरी ठरवली आणि मिरजकरांच्या सांगण्याप्रमाणे आठवडाभर काम लँड्समध्ये त्याला साध्या लढायांत बोलावत राहिलो. काल रात्री बिसाइडला गेलो. पहिल्या दोन वेळा त्याने नुसता कुत्रा पुढे सोडला आणि आम्ही आडवे झालो. तिसऱ्या वेळी त्याने तलवार उपसली, पडदा क्षणभर थबकला आणि व्हॅलिफोर नाहीसा झाला. माझी आई शेजारी शेवया निवडत बसली होती. तिने ‘काय झालं रे?’ असे विचारले, इतका मोठ्याने मी ओरडलो असेन.

परीक्षागृहातील ठेवा मिळाला. आता मकालानियाची शिवा, मग बाज, आणि त्यानंतर साताऱ्याच्या सरांचे ऐकून थेट शेवट. दुसऱ्या स्लॉटमध्ये सेव्ह करून ठेवले आहे. थंडर प्लेन्सचे अर्धे पान आणि पुढची कोरी पाने हळदीचे सौदे संपल्यावर भरायला घेईन. वळवाच्या संध्याकाळी विजांच्या नादी लागायचे नाही, एवढे वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवले आहे.