हातउसन्या पैशांचा दावा: मुदत कोणत्या दिवसापासून मोजायची?

निशिगंध:
१० जून २०२२ रोजी मी चुलतभावाला चार लाख रुपये हातउसने दिले. रक्कम बँकेतून पाठवली. लेखी करार केला नाही आणि "मागशील तेव्हा देईन" यापलीकडे परतफेडीचे काही ठरले नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये त्याने चाळीस हजारांचा धनादेश दिला व तो वटला. पुढे फोनवर मुदत मागत राहिला आणि ऑगस्ट २०२४ मध्ये त्याने साफ नकार दिला. दाव्याची तीन वर्षांची मुदत या नकारापासूनच मोजतात ना? शिवाय, घरातल्या माणसाला कोर्टात खेचायचे नाही म्हणून मी थांबलो होतो, हे कारण दिल्यास न्यायालय उशीर माफ करील का?

ताम्हण:
दोन्ही प्रश्नांचे उत्तर दुर्दैवाने नकारार्थी आहे. मुदत कायदा, १९६३ च्या अनुसूचीतील अनुच्छेद १९ नुसार उसन्या रकमेच्या दाव्याची तीन वर्षे रक्कम दिल्याच्या दिवसापासून सुरू होतात, आणि "मागशील तेव्हा देईन" असे ठरले असले तरी अनुच्छेद २१ हेच सांगतो. नकाराची तारीख महत्त्वाची ठरते ती साठेखताच्या (मालमत्ता विकण्याच्या कराराच्या) पूर्ततेसारख्या दाव्यात, तीही करारात तारीख ठरलेली नसेल तर. बहुधा तिथूनच हा गैरसमज पसरला असावा.

विलंबमाफीचे कलम ५ अपील आणि अर्जांना लागू आहे, मूळ दाव्याला नाही, त्यामुळे कारण कितीही प्रामाणिक असले तरी न्यायाधीशांचे हात बांधलेले असतात. प्रतिवादीने कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) मुदतीचा मुद्दा घेतलाच नाही तर आपण सुटू, या भरवशावरही राहू नका. कलम ३ प्रमाणे मुदतबाह्य दावा फेटाळणे हे न्यायालयाचे स्वतःचे कर्तव्य आहे.

औदुंबर:
वरील उत्तर बरोबर आहे, परंतु आपल्या प्रकरणात सर्वांत मोलाची गोष्ट तो धनादेश आहे. मुदत कायद्याचे कलम १९ (वरचा अनुच्छेद १९ वेगळा) म्हणते की मूळ मुदत संपण्यापूर्वी ऋणकोने कर्जापोटी काही रक्कम फेडली आणि त्या फेडीची नोंद त्याच्या हस्ताक्षरात किंवा सहीनिशी असली, तर फेडीच्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते. धनादेशावर सही असतेच, त्यामुळे नोव्हेंबर २०२३ पासून पुन्हा तीन वर्षे मोजता येतील. हीच रक्कम मोबाइलवरून आली असती तर सहीच्या मुद्द्यावर वाद निघाला असता.

फोनवरच्या आश्वासनांचा मात्र मुदतीसाठी उपयोग नाही, कारण कलम १८ मधील कबुली लेखी, सहीची आणि मुदत शिल्लक असतानाच दिलेली असावी लागते.

प्रतिवादी म्हणेल की ते चाळीस हजार दुसऱ्याच व्यवहाराचे होते. त्या दिवसांतले संदेश आणि बँकेचा उतारा आजच जपून ठेवा. शिवाय वादपत्रात (दाव्याच्या अर्जात) मुदत कशामुळे वाढली हे स्पष्ट लिहावेच लागते (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ७, नियम ६). वादपत्रावरूनच दावा मुदतबाह्य दिसला तर नियम ११ खाली ते पुराव्यापर्यंत न जाताच नामंजूर होऊ शकते; तारखांबद्दल खरा वाद असेल तर न्यायालय सहसा मुद्दा काढून पुराव्यानंतर निर्णय देते.

निशिगंध:
मनापासून आभार. शेवटचा दिवस सुट्टीत आला तर काय होते? आणि मुदत गेली तर पैसे कायमचे बुडाले असे समजायचे का?

ताम्हण:
कलम ४ प्रमाणे न्यायालय उघडेल त्या पहिल्याच दिवशी दावा दाखल करता येतो, मात्र त्यानंतर एक दिवसही मिळत नाही. दावा चुकून अधिकार नसलेल्या न्यायालयात गेला, तर तो सद्भावनेने आणि तत्परतेने चालवल्याचे दाखवल्यास कलम १४ खाली तेवढा काळ वगळला जातो.

मुदत गेल्यावर देणे संपत नाही, फक्त दाव्याचा मार्ग बंद होतो. म्हणून ऋणकोने नंतर स्वेच्छेने पैसे दिले तर ते कायदेशीर फेड ठरते, आणि मुदतबाह्य कर्ज फेडण्याचे लेखी, सहीचे वचन दिले तर करार कायद्याच्या कलम २५(३) खाली त्या वचनावर दावा लावता येतो. स्थावर मालमत्तेचे तसे नाही: मालकी हक्काच्या आधारे ताबा मागण्याची बारा वर्षे उलटली की कलम २७ मुळे हक्कच नष्ट होतो. आपण तिथवर जाऊ देऊ नका. धनादेशाची नेमकी तारीख बँकेतून काढून घ्या आणि या आठवड्यातच वकिलांना भेटा.