वडिलांच्या मागे राहिलेली पत्रं, वह्या, कॅसेटी: जपायच्या कशा, आणि पुस्तक करावं का?

रानमोगरा:
बाबा मार्चमध्ये गेले. त्यांची एक पत्र्याची ट्रंक आहे. आत अंतर्देशीय पत्रं, पोस्टकार्डं, रोजनिशीच्या वह्या आणि आजीचा आवाज टेप केलेल्या काही कॅसेटी. पत्रांचे गठ्ठे सुतळीने बांधलेले आहेत. दोन-तीन वह्यांना कसर लागली आहे. आम्ही तिघं भावंडं. धाकटा म्हणतो वाटून घेऊ, ताईला वर्षश्राद्धाला छोटं पुस्तक काढायचंय. मला आधी काही खराब होऊ नये एवढंच हवंय. राहायला रत्नागिरीत, पावसाळा तोंडावर आहे. सुरुवात कुठून करू?

दप्तरखाना:
आधी वाटणी थांबवा. बाबांनी कुठलं पत्र कुठल्या गठ्ठ्यात, कशाच्या खाली ठेवलं हीसुद्धा माहितीच आहे, आणि एकदा सुतळी सुटली की ती परत मिळत नाही. न सोडता प्रत्येक गठ्ठ्याचा फोटो काढा. मग एकेक सोडून प्रत्येक पत्राच्या मागच्या कोपऱ्यात मऊ पेन्सिलीने क्रमांक घाला: गठ्ठा 3, पत्र 12 असेल तर 3/12. पेन वापरू नका, शाई पलीकडे उतरते.

कसर लागलेल्या वह्या आजच वेगळ्या काढा. झिपच्या पिशवीत घालून हवा दाबून काढा आणि डीप फ्रीझरमध्ये उणे 18 अंशांवर दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही. पूर्ण दिवस तशीच राहू द्या, नाहीतर गार कागदावर दव धरतं. मग मऊ ब्रशने झाडा. फोटो आणि कॅसेटी मात्र फ्रीझरमध्ये घालू नका.

बुरशी ओली असेल तर झाडू नका, पसरते. सावलीत पंख्याखाली वाळू द्या, मग घराबाहेर, तोंडाला मास्क लावून झाडा. ऊन दाखवायचा मोह होतो, पण उन्हाने शाई उडते आणि कागद कडक होतो. ओलं फडकं तर अजिबात नको, फाउंटन पेनची शाई क्षणात पसरते.

टाचण्या आणि स्टेपल काढा, कोकणच्या दमट हवेत गंज कागद खातो. स्टेपल ओढू नका, मागचे पाय उघडून वर उचला. फाटलेल्याला सेलोटेप लावू नका, त्याचा डिंक काही वर्षांत पिवळा होऊन कागदात मुरतो. लॅमिनेशन तर नकोच, ते पुन्हा काढता येत नाही. फाटलेलं पत्र आम्लमुक्त कागदाच्या घडीत नुसतं ठेवलं तरी पुरतं.

ट्रंक जमिनीवर किंवा बाहेरच्या भिंतीला टेकवून ठेवू नका, पत्र्याला आतून घाम येतो. खाली लाकडी पाट, आत सिलिका जेल. वेखंडाची पुरचुंडी चालेल, पण कागदाला टेकू देऊ नका, डाग पडतात.

टपालखुणा:
वरचं सगळं बरोबर. एक गोष्ट बहुतेक घरांत निसटते: बाबांच्या ट्रंकेत बाबांनी लिहिलेली पत्रं जवळजवळ नसतातच, त्यांना आलेली असतात. वडील म्हणून, भाऊ म्हणून ते काय लिहीत होते ते आत्याच्या, मामांच्या, जुन्या सहकाऱ्यांच्या घरी आहे. त्या घरांतही माणसं वयस्कर झाली आहेत आणि साफसफाई होते आहे, म्हणून हे काम सगळ्यात तातडीचं. मूळ पत्रं मागू नका, लोक कचरतात आणि टपालात गहाळ होतात. जाऊन तिथेच स्कॅन करा.

तारीख नसलेलं पत्र लावायला काही खुणा. तिकिटावर 'नये पैसे' असेल तर तिकीट 1957 ते 1964 मधलं. पत्त्यात पिनकोड असेल तर पत्र 15 ऑगस्ट 1972 नंतरचं. पिन नसेल तर मात्र काहीच सिद्ध होत नाही, खेड्यांत लोक पुढेही कितीतरी वर्षं पिनशिवाय लिहीत. तारखेत नुसतं शालिवाहन शकाचं वर्ष असेल तर इसवी सन काढायला 78 मिळवा, जानेवारी ते फाल्गुन अखेरपर्यंतच्या तिथीला 79. मजकुरात आजीच्या नावाआधी 'सौ.' आहे की 'गं. भा.' यावरून आजोबा हयात असतानाचं की नंतरचं ते कळतं.

आणि कोपरा फाडलेलं कार्ड मिळालं तर ते 'दुरुस्त' करू नका. ती कुणी तरी गेल्याची बातमी आहे, मुद्दाम फाडलेली. हळदकुंकवाची बोटंही पुसू नका.

रानमोगरा:
कोपरा फाडलेली दोन कार्डं आहेत, मी ती उंदरांनी खाल्लेली समजत होतो. कॅसेटींचं काय करू? आणि स्कॅन किती डीपीआयवर?

फीत:
स्कॅन रंगीतच करा, काळं-पांढरं नको. साधं पत्र 300 डीपीआय (म्हणजे इंचाला 300 ठिपके), पुसट पेन्सिल 600, फोटो 600. मूळ फाइल टिफमध्ये ठेवा, वाचायला जेपेग. तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या गावी.

कॅसेट लावण्याआधी वरच्या कडेचे दोन्ही प्लॅस्टिकचे दात मोडा, म्हणजे चुकून रेकॉर्ड दाबलं तरी आजीचा आवाज पुसला जाणार नाही. मग फीत दिसते त्या उघड्या कडेतून फितीमागची नमद्याची छोटी गादी बघा. जुना डिंक सुकून ती पडलेली असते, आणि मग आवाज दबका येतो. स्क्रूवाल्या रिकाम्या कॅसेटच्या कवचात फीत बदलून घ्या. प्लेअरचं हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. तरीही आवाज गुदमरलेला वाटला तर हेडशेजारचा स्क्रू किंचित फिरवत 'स', 'श' स्वच्छ ऐकू येईपर्यंत आणा, कारण टेप ज्या मशिनवर झाली त्याचं हेड वेगळ्या कोनात असतं. 90 मिनिटांची फीत पातळ, 120 ची त्याहून पातळ, ती पुढे-मागे पळवू नका. एकदाच सलग वाजवून वेव्ह फाइल करा, 24 बिट, 48 किलोहर्ट्झ. फितीवर पांढरी बुरशी दिसली तर वाजवूच नका, जाणकाराकडे द्या.

मुद्रितशोधक:
पुस्तकाबद्दल. कागद तुमच्याकडे असला तरी मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा असतो. बाबांनी लिहिलेल्या पत्रांचा आणि रोजनिशीचा हक्क, मृत्युपत्र नसेल तर, हिंदू वारसा कायद्याने आई आणि बाबांची आई हयात असल्यास त्यांच्याकडे आणि तुम्हा तिघांकडे मिळून येतो. या सगळ्यांची लेखी संमती घ्या. बाबांना आलेली पत्रं छापायची तर ती लिहिणाऱ्याची किंवा त्याच्या वारसांची परवानगी हवी. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षं हा नियम त्याच्या हयातीत छापलेल्या मजकुराला लागतो; हयातीत न छापलेल्या पत्राचा हक्क ते पहिल्यांदा प्रकाशित झाल्यावर 60 वर्षं टिकतो, म्हणजे 1970 साली वारलेल्या काकांचं पत्रसुद्धा अजून मोकळं नाही.

ताईंना सांगा, वर्षश्राद्धाची तारीख धरून निवड करू नका. घाईत फक्त गोड पत्रं उरतात, आणि कर्जाची, रुसव्याची, मुलाच्या नापास होण्याची पत्रं गळली की बाबाच गळतात. वर्षश्राद्धाला पंधरा-वीस पत्रांची पुस्तिका पुरे. पाने 16 च्या पटीत बसवा, 80 जीएसएम वजनाचा मॅपलिथो कागद, घरच्यापुरत्या 50 प्रती डिजिटल छपाईने निघतात. विक्रीला ठेवायचं असेल तरच आयएसबीएन (पुस्तकाचा ओळख क्रमांक) घ्या, तो मोफत मिळतो. शुद्धलेखन सुधारू नका, वाचता न आलेला शब्द चौकटी कंसात तसाच दाखवा.

हयात माणसाचं आजारपण, भांडण किंवा उधारी असलेल्या पत्रात नाव बदलून भागत नाही, गावात कुणीही ओळखतं. त्या माणसाला आधी वाचायला द्या. तो नको म्हणाला तर ते पत्र पुस्तकात घेऊ नका, स्कॅन मात्र ठेवा.