मदत हवी आहे : १९७१ च्या युद्धातली विमानं, सहा फलकांत काय बसवू?

वाचनालयवाली :

नमस्कार मंडळी,

आमच्या तालुक्याच्या वाचनालयात १६ डिसेंबरला, विजय दिवसानिमित्त, एक छोटं प्रदर्शन करायचं ठरलंय. विषय १९७१ च्या युद्धातली विमानं. मजकूर लिहायचं काम माझ्या गळ्यात पडलंय. जागा म्हणजे बालविभागातली एक भिंत, त्यावर सहा फलक. प्रत्येकावर एक फोटो आणि दीडशेच्या आसपास शब्द. बघायला येणार पाचवी ते दहावीची मुलं, त्यांचे आईबाबा आणि रोज सकाळी पेपर वाचायला येणारे आजोबा. या आजोबांचीच जास्त धास्ती आहे. त्यांतले दोघे माजी सैनिक आहेत.

समितीने यादी हातात दिली आहे : नॅट, मिग-२१, हंटर, सुखोई-७, कॅनबेरा, मारुत. एका सदस्यांना राफेलचाही मोठा रंगीत फोटो हवाय, "मुलांना आवडतं" म्हणून. ते मी बघून घेते.

खरी अडचण अशी की वेग, उंची, लांबी ही माहिती ढिगाने मिळते. पण "मग याने युद्धात केलं काय?" असं एखाद्या पोराने विचारलं तर सांगायला माझ्याकडे काही नाही. शिवाय काही ऐकीव गोष्टी आहेत. ढाक्यात मिगने पर्यटकांचा नकाशा बघून हल्ला केला म्हणे, हे खरं का? राजस्थानातल्या लोंगेवालात विमानं सकाळीच का आली, रात्री का नाही? पूर्व पाकिस्तानातल्या टांगाईलला पाच हजार छत्रीधारी उतरले, हा आकडा घ्यावा का? जाणकारांनी प्रकाश टाकावा. मजकूर छापखान्यात लवकर द्यायचाय.

जुना_फिटर :

ताई, मी हवाई दलात भरती झालो तो युद्धानंतर, पण ज्यांच्या हाताखाली शिकलो ते सगळे ७१ मध्ये विमानांखाली झोपलेले लोक. माझं स्पष्ट मत : विमानवार फलक करू नका, कामवार करा. तुमच्या यादीत सहाच्या सहा लढाऊ आणि बाँबफेकी आहेत. ढाका तेरा दिवसांत पडलं त्यात मालवाहू विमानं आणि हेलिकॉप्टरं यांचा वाटा मोठा. त्यांचं यादीत नावच नाही.

सुरुवात पश्चिम बंगालच्या सरहद्दीवरच्या बॉयरापासून करा. २२ नोव्हेंबर १९७१, म्हणजे युद्ध जाहीर व्हायच्या आधीच. पाकिस्तानी सेबर ही लढाऊ विमानं सरहद्दीजवळ हल्ले करत होती, त्यांच्यावर कोलकात्याच्या डमडमहून २२ स्क्वाड्रनची (हवाई दलाची तुकडी) चार नॅट सोडली. मॅसी, गणपती आणि लाझारस यांनी दोन सेबर पाडली, तिसरं जखमी होऊन परतलं. पॅराशूटने उतरलेल्या वैमानिकांपैकी परवेझ मेहदी कुरेशी पुढे पाकिस्तानी हवाई दलाचे प्रमुख झाले. मुलं हे विसरणार नाहीत.

पण कामाच्या दृष्टीने मोठी गोष्ट तेजगावची धावपट्टी. सगळ्या पूर्व पाकिस्तानात सेबरची एकच स्क्वाड्रन, ढाक्याजवळच्या तेजगाव तळावर. ४ डिसेंबरला आपल्या विमानांनी तिथे वारंवार हल्ले केले, तरी सेबर उडत राहिली, आपलीही हंटर पडली. मग जमिनीवरच्या विमानांमागे लागण्यापेक्षा धावपट्टीच फोडायची ठरलं. मिग-२१ मुळात शत्रूची विमानं अडवायला बनवलेलं, बाँब टाकणं हे त्याचं काम नव्हे. २८ स्क्वाड्रनने त्याखाली ५०० किलोचे बाँब लावले आणि तीव्र उतारात सूर मारून धावपट्टीवर खड्डे पाडले. ते बुजवले की पुन्हा पाडले. ६-७ डिसेंबरनंतर तिथून एकही सेबर उडालं नाही. पूर्वेच्या आकाशात विरोध उरला नाही, म्हणून पुढचं सगळं करता आलं. हे कारण पहिल्या फलकावर आलं नाही तर बाकीचे पाच सुटे सुटे राहतील.

पद्माकाठचा :

नोकरीनिमित्त ढाक्यात राहतो म्हणून लिहितो. तुमची नकाशाची गोष्ट खरी आहे. १४ डिसेंबरला दुपारी पूर्व पाकिस्तानच्या गव्हर्नरच्या उपस्थितीत महत्त्वाची बैठक असल्याचा संदेश आपल्याकडे पकडला गेला. गुवाहाटीला २८ स्क्वाड्रनचे प्रमुख विंग कमांडर बिष्णोई यांना आधी लक्ष्य दिलं होतं सर्किट हाऊस. विमानात बसल्यावर चिठ्ठी आली : सर्किट हाऊस नव्हे, गव्हर्नमेंट हाऊस. दाट वस्तीतली एकच इमारत नेमकी शोधायची आणि हातात पर्यटकांसाठीचा नकाशा. मिगनी रॉकेटं मारली, मागोमाग हंटरही आली. गव्हर्नर डॉ. मलिक बंकरमध्ये होते. तिथेच त्यांनी राजीनामा लिहिला आणि रेड क्रॉसच्या संरक्षणाखालच्या इंटरकॉन्टिनेंटल हॉटेलात आसरा घेतला. तीच इमारत आता बंगभवन, म्हणजे बांगलादेशच्या राष्ट्रपतींचं निवासस्थान.

आणखी एक सुचवतो, ही माहिती आपल्याकडे फारशी कुणाला नसते. बांगलादेशाचं स्वतःचं हवाई दल याच युद्धात जन्मलं, २८ सप्टेंबर १९७१ रोजी नागालँडमधल्या दिमापूरला. "किलो फ्लाइट" नावाने. एकूण विमानं तीन : एक डकोटा, एक ऑटर, एक अ‍ॅलुएट हेलिकॉप्टर. पाकिस्तानी दलातून आणि नागरी विमानसेवेतून निसटून आलेले बंगाली वैमानिक आणि तंत्रज्ञ त्यात होते. ऑटर म्हणजे एका पंख्याचं साधं प्रवासी विमान, त्याला रॉकेटं बसवली. ३ डिसेंबरच्या रात्री ऑटरने चितगावचे आणि अ‍ॅलुएटने नारायणगंजजवळचे इंधनसाठे पेटवले. इथे तेजगावच्या जुन्या विमानतळालगत हवाई दलाचं संग्रहालय आहे, तिथे शाळांच्या सहली सतत चालू असतात. राफेलपेक्षा ऑटरचा फोटो लावा.

संशयात्मा :

टांगाईलचा आकडा अजिबात घेऊ नका. ११ डिसेंबरला तिथे उतरली ती २ पॅरा, लेफ्टनंट कर्नल कुलवंतसिंग पन्नू यांची पलटण, सोबत तोफखाना वगैरे. एक पलटण म्हणजे हजाराच्या आतलीच माणसं. पाच हजारांचा आकडा परदेशी वृत्तांमधून पसरला आणि आपल्याकडून कुणी तो खोडायची घाई केली नाही, कारण ढाक्यातल्या पाकिस्तानी सेनानींनी तो खरा मानला तर बरंच होतं. त्याच सुमारास वर्तमानपत्रांना जो फोटो गेला, आकाश भरून छत्र्याच छत्र्या, तो आधीच्या एका सरावाचा होता. तुम्हाला शोधताना पहिला तोच मिळेल. लावायचाच असेल तर खाली तसं स्पष्ट लिहा.

उडी कशासाठी, हेही लिहा. जमालपूर-मैमनसिंगकडून माघार घेणारी पाकिस्तानी ब्रिगेड ढाक्याच्या बचावाला पोचायला नको होती. तिच्या वाटेवरचा पुंगळीचा पूल २ पॅराने धरला. अँटोनोव-१२, पॅकेट, कॅरिबू, डकोटा, मिळेल ते मालवाहू विमान वापरलं. तेजगावची धावपट्टी फुटलेली नसती तर ही जड, संथ विमानं दिवसाउजेडी तिथे गेलीच नसती. फिटरसाहेबांचा मुद्दा इथे लागू होतो.

आणि महाराष्ट्रातल्या वाचनालयाने ही ओळ सोडू नये : २ पॅरा ही मूळची मराठा लाइट इन्फंट्रीची तिसरी पलटण.

वाचनालयवाली :

बाप रे, हे मला अजिबात माहीत नव्हतं! आमचे एक आजोबा मराठा लाइट इन्फंट्रीतलेच आहेत, तो फलक त्यांच्या खुर्चीसमोर लावते. तो छत्र्यांचा फोटो मी कालच मोठा करून घेतला होता, आता खाली ओळ टाकते.

फिटरकाका, कामवार करायचं पटलं. पण मग हेलिकॉप्टरांनी काय केलं? आणि लोंगेवालाचं राहिलंच.

जुना_फिटर :

आधी हेलिकॉप्टर, माझ्या मते सहा फलकांतला सगळ्यात चांगला हाच व्हावा.

आगरतळ्याच्या बाजूने लेफ्टनंट जनरल सगतसिंग यांचं ४ कोअर (सैन्याचा मोठा विभाग) मेघना नदीपर्यंत आलं. पलीकडे ढाक्याचा रस्ता मोकळा. नदीवर मोठा पूल एकच, आशुगंज-भैरवबाजारचा, तो पाकिस्तान्यांनी ९ डिसेंबरला उडवला. पात्र अफाट, पूल बांधायला वेळ नाही. सगतसिंगांनी ग्रुप कॅप्टन चंदनसिंग यांना सोबत घेतलं आणि एमआय-४ हेलिकॉप्टरांनी फौज नदीपार न्यायला सुरुवात केली. एका हेलिकॉप्टरात बारा-चौदा जवान मावायचे, त्यामुळे फेऱ्या मारत राहायचं. दिवसा, मग रात्रीसुद्धा, पलीकडच्या शेतात हातातल्या बॅटऱ्यांच्या खुणांवर उतरत. जवान रायपुऱ्याला उतरले, तिथून नरसिंगडी, तिथून ढाका. भैरवबाजारची पाकिस्तानी फौज पुलाची राखण करत बसली, आपली माणसं तिला बगल देऊन पुढे गेली. त्याआधी ७ तारखेला गुरखा पलटण सिल्हेटला अशीच उतरवली होती. चंदनसिंगांना महावीरचक्र मिळालं.

आमच्या उस्तादांना या हेलिकॉप्टरांबद्दल विचारलं की ते वैमानिकांचं नाव घ्यायचे नाहीत, तेल-पाणी करणाऱ्यांचं घ्यायचे. तीन-चार दिवस यंत्रं थंडच होऊ दिली नाहीत, असं त्यांचं म्हणणं.

लोंगेवाला : जैसलमेरला मोजकी हंटर होती आणि त्यांना रात्री जमिनीवरचं लक्ष्य दिसेल अशी साधनंच नव्हती. मेजर चांदपुरींच्या कंपनीने ४ डिसेंबरच्या रात्री मदत मागितली, उत्तर आलं उजाडल्यावर येतो. ५ तारखेला पहाटे रॉकेटं आणि ३० मिलिमीटरच्या तोफा घेऊन हंटर आली, दिवसभर येत राहिली. उघडं वाळवंट, रणगाड्यांवर हवाई छत्र नाही. वरून घेतलेल्या फोटोत रणगाड्यांच्या चाकोऱ्या भोवऱ्यासारख्या गोल गोल दिसतात, तोच फोटो लावा. लष्कराचं छोटं कृषक विमानही विसरू नका. मेजर आत्मासिंग त्यातून घिरट्या घालत हंटरना लक्ष्यं दाखवत होते.

सासष्टीकर :

नौदल कुठे आहे? मंडळी, तुम्ही सगळे हवाई दलातच अडकलात.

विक्रांत या आपल्या विमानवाहू नौकेच्या एका बॉयलरला तडा होता, पूर्ण वेग घेता येत नव्हता. तरी तिला बंगालच्या उपसागरात नेलं आणि ४ डिसेंबरपासून तिच्यावरची सी हॉक आणि अलीझे विमानं कॉक्स बाजार, चितगाव इथे हल्ले करत राहिली. विमानतळ, बंदर, जहाजं, सगळ्यांवर. सेबरचा तळ ढाक्याला, समुद्राकडून येणाऱ्या आपल्या विमानांना अडवायला कुणी नाही. समुद्रमार्गे कुमकही नाही आणि सुटकाही नाही, ही नाकेबंदी या विमानांनी पक्की केली. विक्रांत नंतर मुंबईत संग्रहालय म्हणून उभी होती, तुमच्या आजोबांनी नक्की पाहिली असेल. ती भंगारात गेली, त्यावर न बोललेलं बरं. तिची ही दोन्ही प्रकारची विमानं मात्र इथे गोव्यात बोगमाळोजवळच्या नौदल विमान संग्रहालयात उघड्यावर उभी आहेत, अगदी जवळून बघता येतात.

संशयात्मा :

सासष्टीकर, +१. आता फलक भरत आले आहेत म्हणून थोडा कठोर होतो. मारुत काढावं लागेल. कॅनबेराही. पुणेकर रागावतील, लोहगाव हे कॅनबेराचं घर होतं, पण सहा म्हणजे सहा. सुखोई-७ ने पश्चिमेला जमिनीलगत उडून रणगाडे आणि रेल्वे झोडपताना बरीच विमानं गमावली. ते एका ओळीत लोंगेवालाच्या फलकावर येऊ द्या, नाहीतर मुलांना वाटेल आपलं काहीच पडलं नाही.

जुना_फिटर :

मारुत काढा, हरकत नाही. पण अँटोनोव-१२ टांगाईलपुरतं ठेवू नका. ४४ स्क्वाड्रनने या मालवाहू विमानाचा मागचा दरवाजा उघडून, रुळांवरून ढकलत बाँब टाकले. ३ डिसेंबरच्या रात्री पाकिस्तानातल्या छांगा मांगाच्या जंगलातल्या दारूगोळ्याच्या साठ्यावर. विंग कमांडर वशिष्ठ पुढे होते, त्यांनाही महावीरचक्र. धान्याची पोती वाहणारं विमान रात्री बाँब टाकतंय, यापेक्षा मुलांना आणखी काय हवं?

आणि फ्लाइंग ऑफिसर निर्मलजितसिंग सेखोंचं विसरू नका. १४ डिसेंबर, श्रीनगर, एकटं नॅट आणि सेबरचा घोळका. हवाई दलाचं एकमेव परमवीरचक्र. बॉयराच्या फलकावर खालच्या अर्ध्यात बसेल, नॅट दोन्हीकडे आहेच.

वाचनालयवाली :

सगळ्यांचे मनापासून आभार. असं लावते : नॅट (बॉयरा आणि सेखों), तेजगाव आणि गव्हर्नमेंट हाऊस मिळून मिग-२१, मेघनेची हेलिकॉप्टरं, टांगाईल आणि छांगा मांगा मिळून मालवाहू विमानं, लोंगेवालाची हंटर, आणि सहाव्यावर विक्रांत, कोपऱ्यात किलो फ्लाइटचं ऑटर. मिगच्या फलकावर ओझरची एक ओळ टाकतेय, कारण त्या काळात मिग-२१ नाशिकजवळ तयार होत होती आणि आमच्या गावातले बरेच जण त्या कारखान्यात होते. समितीला लढाऊ विमानं कमी वाटली तर हा धागाच दाखवीन.

एक शेवटचं. मुलांना आकार कळावा म्हणून जमिनीवर खडूने विमान खऱ्या मापात काढायचा विचार आहे. आमचं दालन बारा मीटर लांब, आठ मीटर रुंद. काय बसेल?

जुना_फिटर :

नॅट आरामात बसेल. पंखांचा पसारा ६.७ मीटर, लांबी नऊ मीटरच्या आसपास. अँटोनोव-१२ चे पंख ३८ मीटर, ते दालनात नाही मावणार. समोर पटांगण असेल तर तिथे चुन्याने आखा आणि आत मुलांची एक तुकडी उभी करा, पोरंच मोजतील किती मावतात ते.

सासष्टीकर :

सी हॉकचा फोटो मी काढून पाठवतो, व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. पंख दुमडलेलं अलीझे हवं की उघडलेलं?